पाळीच्या काठीला बांधलेलं पान

१

अर्खित कन्हरला डोंगरावरून खाली आणलं तेव्हा कांटाझरीच्या बासष्ट घरांत एकही धडधाकट पुरुष उरला नव्हता. सगळे वर गेले होते. खाटेला चार खांदे पुरतात, पण अर्खित अजासाठी अख्खं गाव चढलं आणि अख्खं गाव मान खाली घालून उतरलं. तेहतीस वर्षांपूर्वी या बोडक्या डोंगरावर ज्याने पहिली राखण सुरू केली, तो म्हातारा ठाकुराणी देवीच्या दगडापाशी, ऐनाच्या झाडाखाली, हात उशाला घेऊन गार पडलेला सापडला होता. अंगावर जखम नाही, सापाचा दात नाही, आसपास हत्तीचा माग नाही.

निशामणी नाहक तोवर सुरकाबाडीहून पायी येऊन पोचली होती. बारा गावांच्या जंगलसभेची ती अध्यक्ष, सगळ्यांची अपा, म्हणजे ताई. वय अठ्ठावन्न, जीभ तिखट, आणि दातांना गुडाखूची तंबाखू चोळल्याशिवाय तिचं डोकं चालत नाही हे बाराही गावांना ठाऊक. चोरलेली लाकडं, सरकलेल्या हद्दी, सगळ्या भानगडी शेवटी तिच्याच पदरात यायच्या. पण पंचविशीत तिच्या हातात पहिल्यांदा राखणीची काठी दिली ती या अजाने. त्यामुळे खाटेशी बसल्यावर थोडा वेळ तिला अध्यक्षबिध्यक्ष काही आठवेना. ती नुसती रडली.

मग तिने त्याचा उजवा हात हातात घेतला. त्या हाताला तीनच बोटं. दोन बोटं लाकूडचोराच्या कुऱ्हाडीने नेली होती, त्यालाही आता तीस वर्षं होत आली. अंगावरच्या गामछ्याची वरची बाजू दवाने ओली होती, पाठीखाली दबलेली कोरडी. म्हणजे रात्रभर तो तिथेच पडून होता.

"काठी कुठाय?" तिने डोळे पुसत विचारलं.

"काठी जागेवर आहे, अपा," जंगल समितीचा सेक्रेटरी उदयनाथ साहू म्हणाला. "चंचला माउसीच्या दारात. काल पाळी ध्रुव बेहेराची होती, आज माउसीच्या घराची, उद्या अजाच्या घराची. सगळं वहीप्रमाणे."

कांटाझरीत पाळी काठीवर चालते. सकाळी काठी ज्याच्या दाराशी, त्या दिवशी जंगलाची राखण त्याची. दिवेलागणीला परत यायचं आणि ती शेजारच्या दाराला टेकवायची. बोलावणं नाही, आठवण नाही. काठी दाराशी दिसली की माणूस निघतो.

निशामणी चंचला माउसीच्या दारापाशी गेली. काठी उभी होती, अजानेच तासलेली, मूठ हजारो हातांनी गुळगुळीत झालेली. पण मुठीवर सालाच्या झाडाचं एक पान घडी घालून बांधलेलं होतं, सियाळीच्या वेलीच्या सालपटाने. सालपटाचं एक टोक चावून चपटं झालं होतं.

तिने पान बोटांनी चाचपलं. पुढच्या घरी सुतक असलं की काठीला पान बांधायचं, म्हणजे नेणाऱ्याला कळतं की आपल्यानंतरचं घर सोडायचं. चंचला माउसीनंतरचं घर अजाचं.

"पान कुणी बांधलं रे?"

उदयनाथने मान हलवली. बाकीचेही एकमेकांकडे बघायला लागले. दाराच्या उंबऱ्यावर बसलेली चंचला माउसी, जिला आता फक्त उजेड आणि अंधार एवढंच कळतं, तिने तोंड वर केलं.

"ते पान काठीला पहाटेपासून आहे, निशा. मी दार उघडलं, हाताला काठी लागली, पान लागलं. म्हटलं, शेजारी गेलं कोण? तोवर गावात कुणी रडलंसुद्धा नव्हतं गं."

२

सेवती, अजाची सून, भिंतीला टेकून बसली होती. तिनेच त्याला शोधलं होतं. मोहाच्या दिवसांत म्हातारा कधीमधी डोंगरावरच झोपायचा, म्हणून रात्री ती घाबरली नाही. पहाटे पखाळ, पाण्यातला शिळा भात, आणि भाजलेला सुका मासा घेऊन वर गेली, तर तो उठेचना.

"बोहू, काल ते कशाला गेले होते वर?" निशामणीने हलकेच विचारलं.

"राखणीला."

"पाळी तर ध्रुवची होती."

"काठी त्यांच्या हातात होती. मी माझ्या डोळ्यांनी बघितली, अपा. पहाटे निघाले तेव्हा."

दारात जमलेल्या बायकांत कुजबुज झाली. एक म्हणाली, "म्हणणारच ती. आता काठी हातात असल्याशिवाय भागणार आहे का?" आवाज हळू होता, पण ऐकू जाईल इतपत.

त्या टोमण्याचं मूळ निशामणीला चांगलं ठाऊक होतं. माघ पौर्णिमेला रेंजर बाबूंनी गावच्या टुंगीत, म्हणजे चावडीत, बसून नवी योजना वाचून दाखवली होती. जंगल गाव आणि सरकार मिळून सांभाळणार. गावातल्या चौघांना राखणीचा महिन्याला पगार. ते चार जण अशा घरांतून निवडायचे, ज्यांची वर्षभरात एकही पाळी चुकलेली नाही. आणि राखणीवर असताना कुणी मेलं, मग ते स्वतःच्या पाळीवर असो की दुसऱ्याच्या बदली, तर त्याच्या घराला पहिली जागा. ही योजना यावी म्हणून निशामणीच तीन वर्षं कचेरीच्या पायऱ्या झिजवत होती. गरिबाने जन्मभर फुकट राखलं, आता सरकारने काहीतरी द्यायला नको? टुंगीत त्या दिवशी टाळ्या वाजल्या होत्या. एकट्या अजाने विचारलं होतं, "चौघांना पगार मिळेल. मग उरलेल्या अठ्ठावन्न घरांनी काय करायचं?" त्यावर कुणीतरी ओरडलं होतं, "झोपायचं, अजा!" सगळे खो खो हसले होते. निशामणीही हसली होती.

"अपा," सेवतीने तिचा पदर धरला. "दोन वर्षं झाली, हे सुरतेला कापडाच्या मागावर कामाला आहेत. फोनवर निम्मं बोलणं नि निम्मा खोकला. मला राखणीची जागा मिळाली तर ते घरी येतील. रेंजर बाबू तीन वाजता कागद करायला येणार आहेत. सासरे राखणीवर गेले होते, एवढं तुम्ही सांगा. खोटं नाही ते."

"काठी मग खाली कशी आली, बोहू? मेलेला माणूस काठी टेकवायला येत नाही."

सेवती काहीतरी सांगणार होती. पण तिने मान फिरवली. काहीतरी होतं, जे ती गिळून बसली होती.

३

ध्रुव बेहेरा चाळिशीचा, हडकुळा, बोलायला लागला की थांबायचा नाही. आज मात्र त्याच्या तोंडाला कुलूप होतं. अंगणात त्याची बायको तांदूळ निवडत होती. निशामणी येताच तिने हात पदराखाली घेतले, पण त्याआधी नव्या हिरव्या बांगड्या किणकिणल्याच.

"काल राखणीला गेला होतास?"

"गेलो होतो की."

"कुठवर?"

"वरपर्यंत. ठाकुराणीपर्यंत."

"अजा दिसले?"

"नाही."

"काठी कुणी ठेवली माउसीच्या दारात?"

"मीच. दिवे लागताना."

"आणि पान?"

ध्रुवने बायकोकडे बघितलं. "पानाचं मला काही माहीत नाही, अपा. ठाकुराणीची शपथ."

निशामणीने त्याच्या पायांकडे पाहिलं. चैत्रात ठाकुराणीच्या वाटेने चढून आलेल्या माणसाच्या पिंढऱ्या कुसळांनी आणि काट्यांनी भरतात. ध्रुवच्या पिंढऱ्या स्वच्छ होत्या. अंगठ्याशी नव्या चपलेने घासून आलेला फोड तेवढा होता. काल मंगळवार, रणपूरच्या बाजाराचा दिवस. तिने ते मनात ठेवलं. खोटं बोलणाऱ्याला लगेच पकडलं की तो दुसरं खोटं शोधतो, आणि निशामणीला दुसरं खोटं ऐकायचं नव्हतं.

पण गाव थांबायला तयार नव्हतं. ती बाहेर पडली तर उदयनाथ आणि आठदहा जण वाट अडवून उभे.

"हिशेब सरळ आहे, अपा," उदयनाथ म्हणाला. "पान ज्याने बांधलं त्याला अजा मेल्याचं कालच कळलं होतं. काठी ध्रुवने ठेवली, हे तो स्वतःच कबूल करतो. म्हणजे काय झालं? अजा त्याच्या बदली काठी घेऊन गेले, वर मेले, याने बघितलं. आपली पाळी चुकल्याचं उघडं पडू नये म्हणून काठी उचलली, खाली आणली, आणि म्हाताऱ्याला कोल्ह्याकुत्र्यांसाठी ठेवून दिलं रात्रभर! सवयीने पान मात्र बांधून बसला. तिथेच फसला."

"असल्या माणसाचं पाणी बंद केलं पाहिजे," मागून एक जण गरजला.

"आणि सेवतीचंही काम होतं यात," दुसऱ्याने जोडलं. "अजा राखणीवरच मेले, हे सिद्ध झालं ना? जागा तिला. रेंजर बाबू येऊ देत."

सगळं कसं चपखल बसत होतं. गुन्हेगार मिळाला होता, सासऱ्याच्या पश्चात सुनेचं भलं होत होतं, आणि बाकीच्या साठ घरांचे हात स्वच्छ. निशामणीने आयुष्यात इतके तंटे सोडवले होते की एवढी सोयीची उत्तरं तिला पचत नसत. ती परत चंचला माउसीकडे गेली.

"माउसी, काल काठी ठेवली तेव्हा तू कुठे होतीस?"

"इथेच की, उंबऱ्यावर. दुसरीकडे कुठे जाणार मी?"

"ध्रुव काही बोलला?"

"मी म्हटलं, ध्रुव का रे? तर नुसता हुंकार. मी म्हटलं, दमलास वाटतं, पाणी पी. घटाघटा पाणी प्यायला, लोटा माझ्या हातात दिला, डोक्यावर हात ठेवला माझ्या, आणि गेला. मला नवलच वाटलं. ध्रुव कधी माझ्या डोक्यावर हात ठेवतो का? मी मावशी लागते त्याची."

निशामणी तिच्यापुढे उकिडवी बसली.

"कुठल्या बाजूला गेला, माउसी?"

"डोंगराच्या. एक पाय ओढत. मला वाटलं, तळ्यावर पाय धुवायला गेला असेल."

४

ऊन चढलं होतं. निशामणी एकटीच डोंगर चढायला लागली. वाटेत ठिकठिकाणी सकाळच्या गर्दीने पाला तुडवला होता, पण त्या गर्दीच्या पावलांखालची वाट भलतीच अरुंद होती. रोज एक माणूस जातो येतो ती वाट अशी दिसत नाही. दोन्ही बाजूंनी झुडपं इतकी आत आली होती की जेमतेम एक म्हातारं अंग त्यातून सरकेल.

वर ऐनाचं झाड उभं होतं. तेहतीस वर्षांपूर्वी इथे हे एक खोड होतं, कापलेलं, आणि त्याला हातभर फुटवा आलेला. अजाने त्याला काट्यांचं कुंपण केलं तेव्हा लोक त्याला वेडा म्हणाले होते. आता त्याच्या सावलीत पन्नास माणसं बसतील. खाली ठाकुराणीचा शेंदरी दगड आणि दगडापुढे खड्यांचा ढीग. राखणीला येणाऱ्याने आपल्या दारातला एक खडा उचलून आणायचा आणि इथे टाकायचा. मी आलो होतो, एवढंच देवीला सांगायचं. वही उदयनाथची, पण खरी हजेरी इथे लागते.

सकाळी अख्खं गाव या ढिगाशेजारून गेलं होतं. कुणी त्याकडे बघितलं नव्हतं.

निशामणी खाली बसली. ढिगाच्या पायथ्याशी सगळे रंग होते. कुंभारआळीचे तांबडे, तळ्याकाठच्या घरांचे काळे, देवळामागचे करडे, फुटक्या कौलाचे तुकडेही. पण वरचा थर पांढरा होता. स्वच्छ, धारदार, गारेसारखे खडे. तिने एकेक बाजूला केला. शेहेचाळीस निघाले, आणि त्यांच्यात दुसऱ्या रंगाचा एकही नव्हता.

हा दगड कांटाझरीत एकाच अंगणात मिळतो. विहीर खणताना अजाच्या दारात याचा ढीग निघाला होता, तो अजून तिथेच पडून आहे.

निशामणीने डोकं झाडाला टेकवलं. शेहेचाळीस दिवस. माघ पौर्णिमेनंतर जसजशी घरं एकेक करून थांबली, तसतसा हा माणूस त्यांच्या दारातून पहाटे काठी उचलत राहिला, आणि दिवेलागणीला पुढच्या दारी टेकवत राहिला. प्रत्येक घराला वाटलं असेल की काठी चालते आहे, म्हणजे गाव चालतं आहे. एखाद्याला कळलंही असेल. त्याने कानावर हात ठेवले असतील.

सियाळीचं ते चावलेलं टोक तिच्या डोळ्यांसमोर आलं. तीन बोटांच्या हाताने गाठ मारायची तर एक टोक दातात धरावं लागतं. तेहतीस वर्षं ती त्याला तसंच करताना बघत आली होती. सकाळी बघितलं तेव्हाच ओळखायला हवं होतं. डोळे रडण्यात गुंतले होते.

५

सेवतीला तिने घरामागे, फणसाखाली गाठलं. तीन वाजायला थोडाच वेळ होता.

"तुला माहीत होतं, बोहू."

सेवतीने नाकारलं नाही. "त्यांनी शपथ घातली होती. म्हणाले, गावाला लाजवायचं नाही. लाजलेला माणूस हट्टाला पेटतो, मग तो कधीच परत येत नाही. म्हणाले, चार दिवस नव्याची नवलाई, मग येतील आपोआप."

"छातीत दुखत होतं त्यांच्या?"

"महिनाभर. काल निघताना उंबऱ्यावर बसले थोडा वेळ. मी म्हटलं, जाऊ नका आज. तर म्हणाले, ध्रुव बाजारात गेलाय, काठी उभी राहील."

निशामणीने तिला सगळं सांगितलं. मग म्हणाली, "नीट ऐक. मी गप्प बसले तर गाव ध्रुवला धरेल, अजा राखणीवर मेले असं ठरेल, आणि जागा तुला मिळेल. मी खरं बोलले तर काठी अजांनीच परत आणली होती, पाळी पुरी झाली होती. तुला काही मिळणार नाही. तुझा कुळमणी सुरतेलाच राहील. मी काय करू, तूच सांग."

घरातून बायकांचं रडणं येत होतं.

"शेहेचाळीस दिवसांत त्यांनी एकाचं नाव घेतलं नाही, अपा," सेवती म्हणाली. "मी एका ध्रुवचं कशी घेऊ?" आणि तोंडात पदर कोंबून ती हमसून हमसून रडायला लागली.

टुंगीच्या ओट्यावर रेंजर बाबू कागद पुढे घेऊन बसले होते. ध्रुव खांबाशी उभा, त्याच्याभोवती दोन हात मोकळी जागा. निशामणीने काठी आणून मधोमध उभी केली.

"ध्रुवने अजाला टाकलं नाही," ती म्हणाली. "त्याने काल काठीला हातच लावला नाही. तो रणपूरला बांगड्या घेत होता. बरोबर ना रे?"

ध्रुवने हात जोडले. "बरोबर, अपा. पण मी मेलेल्या माणसाला... तसा नाही हो मी."

"मग कबूल का केलंस काठी ठेवल्याचं?" उदयनाथ उसळला.

"पाळी चुकली म्हटलं असतं तर जागा गेली असती," ध्रुव हुंदके देत म्हणाला. "आधी तेवढंच वाटलं. मग पानाचं निघालं, आणि मला मागे फिरता येईना."

"काठी ठेवली अजांनी," निशामणी म्हणाली. "दिवेलागणीला, जिवंतपणी. चंचला माउसीच्या हातचं पाणी प्यायले, तिच्या डोक्यावर हात ठेवला. गावात तिला लेकरासारखं वागवणारा तेवढा एकच माणूस होता. पान त्यांनीच बांधलं, दातात टोक धरून. हे बघा. आपण सकाळ बघत नाही हे त्यांना कळलं होतं. पाळी येईल तेव्हा आपल्या घरी सुतक असेल आणि काठी आपल्या दाराशी अडेल, एवढीच त्यांना काळजी."

टुंगीच्या दारात बसलेल्या चंचला माउसीने दोन्ही हात आपल्या डोक्यावर ठेवले, काल जिथे तो हात होता तिथे.

"पण पाळी ध्रुवची असून काठी अजाकडे कशी?" रेंजर बाबूंनी विचारलं.

निशामणीने पदराची गाठ सोडली. ढिगातले मूठभर पांढरे खडे ओट्यावर घरंगळले. "ध्रुवचीच नाही. शेहेचाळीस घरांची. वहीत सगळे गेलेत. देवीपुढे एकटा अजा गेलाय. हे खडे कुणाच्या दारातले, मी सांगायला नको. आणि मी काही वेगळी नाही. योजना मी आणली. उरलेल्या अठ्ठावन्न घरांचं काय, हे त्यांनी विचारलं तेव्हा मीही हसले होते."

"चौघांना पगार मिळणार," एक म्हातारा पुटपुटला, "मग मी फुकट कशाला पाय भाजू, असं वाटलं खरं. आधी तेहतीस वर्षं कधी वाटलं नव्हतं."

"माझ्या दारातली काठी सकाळी नाहीशी झाली," दुसरा म्हणाला, "मी विचारलंसुद्धा नाही कुणी नेली. बरंच झालं म्हटलं." त्याच्या मागोमाग आणखी एक बोलला, मग आणखी एक. उदयनाथने वही मिटली आणि तिच्यावर कपाळ टेकवलं.

"मग ते परत वर का गेले?" ध्रुवने रडत विचारलं. "घरी का नाही गेले?"

निशामणीने त्याच्याकडे पाहिलं. ध्रुवचा राग तिला येत नव्हता, आला असता तर बरं झालं असतं. "त्यांनी कुणाला सांगितलं नाही, पण मला वाटतं ते असं आहे. घरी मेले असते तर तुम्ही त्यांना खालच्या खाली नेलं असतं. वर मेले, म्हणून आज अख्खं गाव डोंगर चढलं. दीड महिन्यात पहिल्यांदा."

रेंजर बाबू भला माणूस होता. त्याने चष्मा काढला, पुसला, परत घातला. "अपा, नियम असा लिहिलाय. काठी पुढच्या दारी टेकली की राखण संपली. त्यांच्या सुनेला मी जागा नाही देऊ शकत. आणि वही खोटी निघाली, तेव्हा यंदा गावालाच योजना नाही. मला हे लिहावं लागेल."

"लिहा," निशामणी म्हणाली. "नियमात कुठे माणूस लिहिला असेल तर तोही शोधा."

६

दहा दिवस काठी अजाचं घर सोडून फिरली. कुळमणी सुरतेहून आला, बापाचे दिवस घातले, आणि अकराव्या सकाळी परत निघाला. मागवाल्याने तेवढीच सुट्टी दिली होती. रात्रभर त्याचा खोकला निशामणीने ऐकला होता. ती दहाव्यासाठी येऊन राहिली होती.

उजाडताना सेवतीने दार उघडलं तर काठी दाराला टेकलेली. पान सोडलेलं. कुळमणी पिशवी घेऊन रस्त्याकडे गेला, सेवतीने काठी उचलली. दोघं एकमेकांशी काय बोलले ते निशामणीने ऐकलं नाही, तिने मुद्दाम पाठ फिरवली होती. मग सेवतीने अंगणातला एक पांढरा खडा घेतला आणि दोघी चढायला लागल्या. वाट थोडी रुंद झाली होती. कुणीतरी झुडपं छाटली होती.

ठाकुराणीपुढे पांढऱ्या थरावर नवे खडे पडले होते. तांबडा, काळा, करडा, कौलाचा तुकडा. दहा दिवसांचे दहा. पहिला चंचला माउसीच्या दारातला. आंधळी बाई ध्रुवच्या खांद्यावर हात ठेवून चढली होती म्हणे.

सेवती ते बघत उभी राहिली. "आधी एक जरी आला असता, अपा," ती म्हणाली, "एक जरी."

निशामणीने तिला जवळ घेतलं.

खालून बसचा भोंगा ऐकू आला. सेवती दचकून कड्याच्या टोकाशी धावली. झाडांच्या फटीतून रणपूरचा रस्ता दिसत होता, आणि त्याच्यावर धुरळा उडवत चाललेली बस. तिने दोन्ही हातांनी काठी उंच धरली आणि हलवली, पुन्हा पुन्हा. कुळमणी लहान असताना याच डोंगरावर बाप उभा राहिला की गावातून स्पष्ट दिसायचा, डोंगर इतका उघडा होता. आता मात्र खालच्या माणसाला वर नजर टाकली तरी साल आणि ऐन यांच्याशिवाय काही दिसत नाही.

"दिसलं असेल का हो त्यांना?" सेवतीने विचारलं.

"दिसलं असेल," निशामणी म्हणाली. जन्मभर खरं बोलायचं ठरवलेल्या बाईने तेवढं एक खोटं बोलून टाकलं.

सेवतीने काठी खाली घेतली, खडा ठेवला, आणि राखणीला निघाली.